आनंद पटवर्धन : आधी ‘जय भीम कॉम्रेड’ की ‘वसुधैव कुटुंबकम’?

आनंद पटवर्धनांचा एकही माहितीपट पाहिलेला नसेल, तर सुरुवात कुठून करावी? राजकारण आणि जिव्हाळ्याची माणसं एकत्र पाहायची असतील, तर निवड या दोघांत आहे. ‘वसुधैव कुटुंबकम’ (२०२३) जेमतेम दीड तासाचा, ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) तीन तासांहून मोठा. तरीही मी म्हणेन, आधी मोठाच पाहा.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातल्याचं आढळलं. लोक रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळीबार केला, दहा जण मेले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी गळफास घेतला. जाताना डोक्याला निळं कापड बांधलं होतं. आयुष्यभर लाल झेंड्याची गाणी गायलेला माणूस शेवटी निळा रंग बांधून का गेला, हा प्रश्न पटवर्धनांना सोडेना, कारण घोगरे त्यांचे मित्र होते. पटवर्धनांच्याच १९८५च्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात घोगरेंचा आवाज आहे. त्या प्रश्नामागे चौदा वर्षं कॅमेरा फिरला.

म्हणून हा माहितीपट वरवर चळवळीचा दिसतो, पण त्याचा गाभा शोक आहे. पटवर्धन स्वतःबद्दल फारसं बोलत नाहीत. बोलतात ती गाणी: वस्तीतली, मंचावरची, पुढे कबीर कला मंच या पुण्याच्या शाहिरी पथकाची, शीतल साठे यांच्या आवाजातली. आपल्याला तर ती थेट मराठीत भिडतात. सहा डिसेंबरला शिवाजी पार्कात येणाऱ्या गर्दीबद्दल आसपासचे सुशिक्षित लोक काय बोलतात, तेही त्यात आहे. कॅमेरा वाद घालत नाही, त्यांना फक्त बोलू देतो. हा प्रसंग मला सगळ्यात जास्त झोंबला. ती भाषा आपल्याच घरांतली आहे.

‘वसुधैव कुटुंबकम’मध्ये उलटं होतं. इथे घर समोर आहे आणि इतिहास त्याच्या दारातून आत येतो. आई निर्मला शांतिनिकेतनात शिकलेल्या, कुंभारकामात नाव कमावलेल्या, माहेर सिंधचं. वडील बाळू; त्यांचे भाऊ अच्युतराव आणि रावसाहेब स्वातंत्र्यलढ्यातले. मुलगा कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतो, म्हातारी जोडी थट्टामस्करी करत उत्तरं देते. सोबतच त्यांचं थकणं, आजारपण आणि जाणंही दिसतं. ‘प्रचारकी नको’ म्हणणाऱ्याला हा नक्की आवडेल. एक उणीव मात्र जाणवते: हे घर मुळातच लढ्याच्या मध्यभागी होतं, त्यामुळे राजकारण आपल्या दारात कसं येतं हे सामान्य घरातल्या प्रेक्षकाला स्वतःच ताडून पाहावं लागतं.

‘जय भीम कॉम्रेड’मध्ये ती उणीव नाही. गोळीबार वस्तीत झाला, आणि मेलेल्यांच्या घरात कोणी पुढारी नव्हता.

आईवडिलांचं आजारपण सध्या जवळून बघत असाल, तर मात्र माझा क्रम बाजूला ठेवा आणि ‘वसुधैव’पासूनच सुरू करा, त्या मनःस्थितीत तोच अधिक जवळचा वाटेल. एरवी ‘जय भीम कॉम्रेड’ दोन संध्याकाळींत वाटून पाहिला तरी चालेल, पण गाणी पुढे ढकलू नका; निम्मं म्हणणं त्यांतच आहे.