पंच की फ्रॉन्क्स? पांदणीवरचे चौदा महिने

टाटा पंच आणि मारुती फ्रॉन्क्स. दोन्ही १.२ लिटर पेट्रोल, दोन्ही मॅन्युअल. यवतमाळ जिल्ह्यातल्या वणी-मारेगाव-पांढरकवडा पट्ट्यात एकाच अंगणातून निघून चौदा महिने एकाच रस्त्यावर चाललेल्या या दोन गाड्या. पंच २२ हजार किलोमीटर झाली, फ्रॉन्क्स १९ हजार. त्यात एक अख्खा पावसाळा, दुसऱ्याची सुरुवात, एक नवतपा (मे अखेरचे सगळ्यात कडक उन्हाचे नऊ दिवस) आणि कापसाचा पूर्ण हंगाम आला. रोजचा रस्ता म्हणजे वावरापासून दोन किलोमीटर पांदण (शेतांमधली कच्ची वाट), मग पाच-सहा किलोमीटर उखडलेलं डांबर, पुढे कोळशाच्या ट्रकांचा रस्ता आणि महिन्यातून दोनदा एनएच-४४ ने नागपूर.

गाडी कोणती घ्यायची ते त्या दोन किलोमीटरांवर आणि मागच्या सीटवर कोण बसणार यावर ठरवा. स्क्रीन किती इंचांची आणि सनरूफ आहे की नाही, हे त्यानंतर.

कागदावर दोघींची आखणीच वेगळी आहे. पंच ३८२७ मिमी लांब, १७४२ रुंद, १६१५ उंच, व्हीलबेस (पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर) २४४५. फ्रॉन्क्स ३९९५ लांब, १७६५ रुंद, १५५० उंच, व्हीलबेस २५२०. पंच आखूड आणि उभी, सगळी जागा उंचीत काढलेली. फ्रॉन्क्स बलेनोच्या प्लॅटफॉर्मवरची, लांब आणि बुटकी, मागे उतरत्या छताची. दोन्ही चार मीटरच्या आत आणि इंजिन १२०० सीसीच्या आत, त्यामुळे २२ सप्टेंबर २०२५ पासून दोन्हींवर १८ टक्के जीएसटी. करामुळे एक स्वस्त आणि दुसरी महाग, असं काही नाही.

आता ग्राउंड क्लिअरन्स, म्हणजे गाडीच्या पोटाची जमिनीपासूनची उंची. फ्रॉन्क्सचा १९० मिमी सांगतात, पंचचा १८७. यावरून फ्रॉन्क्स पांदणीला बरी असं कोणी सांगितलं तर ऐकू नका. एक तर हा आकडा रिकाम्या गाडीचा असतो. चार माणसं आणि खताच्या दोन चुंगड्या (पोती) टाकून मागच्या चाकाच्या कमानीपासून जमिनीपर्यंत टेप लावा, मागची बाजू चार-पाच सेंटीमीटर खाली आलेली दिसेल. शिवाय धुरा (शेताचा बांध) ओलांडताना किंवा नाल्याच्या काठावर चढताना दोन चाकांमधलं अंतर महत्त्वाचं ठरतं. व्हीलबेस जितका लांब, तितकं गाडीचं पोट त्या उंचवट्यावर आधी टेकतं. पंचचा व्हीलबेस ७५ मिमी कमी आहे आणि नाक आखूड आहे. पंचचे कंपनीने दिलेले कोनही हेच सांगतात : पुढून चढण्याचा २०.३ अंश, मधला (पोट न टेकता उंचवटा ओलांडण्याचा) २२.२, मागून उतरण्याचा ३७.६. ज्या धुऱ्यावर पंच सरळ निघून जाते तिथे फ्रॉन्क्स तिरपी न्यावी लागते, आधी एक चाक चढवायचं, मग दुसरं. हा फ्रॉन्क्सचा दोष नव्हे. ती या कामासाठी आखलेलीच नाही.

ट्रॅक्टरने पाडलेल्या खोल चाकोऱ्यांत मात्र दोघी सारख्याच. चाकोरीत उतरायचं नाही. एक बाजूची चाकं मधल्या उंचवट्यावर आणि दुसरी पांदणीच्या कडेला ठेवून चालायचं. मधल्या गवतात धोंडा लपलेला असतो, म्हणून अनोळखी पांदणीवर आधी पायी जाऊन बघा.

पाऊस पडला की दोन्ही गाड्या डांबराच्या कडेला उभ्या करा. काळ्या कपाशीच्या जमिनीचा गारा (चिखल) टायरच्या खाचा भरतो, मग चाक आणि कमानीच्या मधली जागा भरतो, आणि शेवटी चाक फिरेनासं होतं. दोन्ही गाड्यांना ताकद फक्त पुढच्या चाकांवर, टायर डांबराचे. चांगल्या पावसानंतर कडक ऊन दोन दिवस पडलं तरच पांदण धरायची. अडकलीच तर पहिल्या गिअरमध्ये रेस करत बसू नका, क्लच जळल्याचा वास पाच मिनिटांत येतो. ट्रॅक्शन कंट्रोल बंद करायचं बटण असेल तर दाबा, नाहीतर चाक फिरलं की यंत्रणा इंजिनची ताकदच कापते. दुसरा गिअर लावा, स्टिअरिंग सरळ ठेवा, पुढच्या चाकांखाली पऱ्हाट्या (कपाशीची वाळलेली झाडं) आडव्या टाका. पुढच्या टायरची हवा २० पीएसआयपर्यंत उतरवली तर पकड वाढते, पण डांबरावर लागण्याआधी ती परत भरायलाच पाहिजे, म्हणून १२ व्होल्टचा छोटा कॉम्प्रेसर गाडीत ठेवा. ट्रॅक्टरने ओढताना दोर सस्पेन्शनच्या आर्मला बांधू नका. तो वाकला की अलाइनमेंट कायमचं बिघडतं. ओढण्याचा हूक टूलकिटमध्ये असतो, बंपरवरची छोटी टोपी काढून पेचाने बसवायचा. गाडी ताब्यात घेताच एकदा बसवून बघा, भर गाऱ्यात शोधायला लागू नये.

पंचसाठी ३७० मिमी पाण्यातून जाण्याची क्षमता सांगितलेली आहे. तो आकडा थांबलेल्या पाण्याचा समजा. रपट्यावरून (नाल्यावरच्या ठेंगण्या पुलावरून) वाहणारं पाणी फूटभर असलं तरी छोटी गाडी उचलून नेतं. पाणी उतरेपर्यंत थांबा.

मागच्या सीटचा हिशेब उलटसुलट आहे. फ्रॉन्क्समध्ये पायांना जागा जास्त. पुढे उंच माणूस बसला तरी मागच्याचे टोंगळे (गुडघे) पुढच्या सीटला लागत नाहीत, नागपूरचा तीन तासांचा प्रवास त्यात सुखाचा. पण छत मागे उतरतं. पावणेसहा फुटांच्या माणसाचं डोकं छताजवळ येतं, टोपी असली तर लागतंच, आणि आत शिरताना मान वाकवावी लागते. पंचमध्ये पायांना जागा बेताची आणि तिघं दाटीनेच बसतात, पण डोक्यावर मोकळं. दार ९० अंशांत उघडतं आणि सीट अशा उंचीवर आहे की टोंगळे दुखणारी आजी आधी टेकते, मग पाय आत घेते. ना खाली बसावं लागतं, ना वर चढावं लागतं. घरात म्हातारं माणूस असेल, हप्त्याला दवाखान्याची फेरी असेल, तर एवढ्या एका गोष्टीवर पंच घ्यावी. ९० अंशांच्या दाराची एक अडचण आहे. अरुंद गोठ्यात किंवा बाजाराच्या गर्दीत ते पूर्ण उघडायला जागा मिळत नाही, आणि मुलांनी ढकललं तर भिंतीवर आदळतं.

डिकी पंचची ३६६ लिटर, फ्रॉन्क्सची ३०८. युरियाची चुंगडी ४५ किलोची, डीएपीची ५० किलोची. दोन्हींत दोन चुंगड्या आरामात बसतात. पाच मोठी माणसं आणि दोन चुंगड्या म्हणजे सव्वाचारशे किलो, छोट्या गाडीची हद्द साधारण तिथेच संपते. खताखाली ताडपत्री हवीच. युरिया हवेतली ओल ओढतो आणि ते पाणी पत्र्याच्या सांध्यात शिरलं की गंज आतून सुरू होतो, वरून काही दिसत नाही. आणि फवारणीचं औषध डिकीत नेऊ नका. या गाड्यांची डिकी बसायच्या जागेपासून वेगळी नसते, मध्ये फक्त एक ट्रे असतो. झाकण जरा सैल राहिलं तरी एसी लावलेल्या बंद गाडीत वाफ माणसांपर्यंत येते. २०१७ मध्ये फवारणीच्या विषबाधेने यवतमाळ जिल्ह्यात काय झालं ते आपण सगळ्यांनी पाहिलं आहे.

सीएनजीचा विचार असेल तर पंचमध्ये ३०-३० लिटरच्या दोन टाक्या डिकीच्या तळाशी बसवतात आणि २१० लिटर जागा उरते. फ्रॉन्क्समध्ये टाकी डिकीतच दिसते. पण जवळचा सीएनजी पंप रोजच्या वाटेवर नसेल तर या हिशेबाला अर्थ नाही.

इंजिन. पंचचं तीन सिलिंडरचं ११९९ सीसी, ८८ पीएस ताकद आणि ११५ एनएम ओढ. फ्रॉन्क्सचं चार सिलिंडरचं ११९७ सीसी, ९० पीएस आणि ११३ एनएम. आकडे जवळपास सारखे, चालवताना फरक मोठा. फ्रॉन्क्स वजनाने हलकी, इंजिन गुळगुळीत, गिअर बोटांनी पडतो. पंच उभी असताना सीटमधून थरथर जाणवते, तीन सिलिंडरचा तो स्वभावच आहे. परतवाड्याहून चिखलदऱ्याच्या घाटात पाच माणसं आणि एसी असेल तर पंचला दुसरा गिअर सोडता येत नाही. फ्रॉन्क्स अधूनमधून तिसरा पेलते. मायलेज कंपनी पंचचं २०.०९ आणि फ्रॉन्क्सचं २१.७९ सांगते. टाकी गळ्यापर्यंत न भरता, एकाच पंपावर, नोझल पहिल्यांदा आपोआप बंद होईपर्यंत भरून मोजलं तर मिश्र रस्त्यावर पंच १६ च्या आसपास, फ्रॉन्क्स १८ ते १८.५. नवतप्यात दोन्हींत दीड किलोमीटर कमी धरा. टाकी दोन्हींची ३७ लिटर.

समृद्धी महामार्गावर कारला १२० ची मर्यादा आहे. १०० च्या पुढे फ्रॉन्क्स शांत आणि सरळ चालते. पंच उंच असल्याने आडव्या वाऱ्यात, विशेषतः ट्रक ओलांडताना, स्टिअरिंगवर दोन्ही हात ठेवावे लागतात. मात्र पंचच्या बॉडीचा दणकटपणा दार लावतानाच कळतो, आणि २०२१ मध्ये ग्लोबल एनकॅप या संस्थेच्या धडक चाचणीत तिला मोठ्यांसाठी पाच आणि मुलांसाठी चार तारे मिळालेले आहेत. रात्री रोही (नीलगाय) आणि रानडुकरं आडवी येणाऱ्या रस्त्यांवर याचं मोल आहे.

टायरबद्दल जरा सविस्तर. फ्रॉन्क्सला १९५/६० आर १६ (रुंदी मिमीत, बाजूची उंची रुंदीच्या टक्क्यांत, रिम इंचांत). पंचच्या खालच्या व्हेरिएंटला १८५/७० आर १५, वरच्यांना १६ इंची. १८५/७० मध्ये टायरच्या बाजूची उंची १२९.५ मिमी येते, १९५/६० मध्ये ११७. हा साडेबारा मिमी रबर गिट्टीच्या रस्त्यावर कंबरेला जाणवतो, आणि खड्ड्याच्या धारेवर रिम वाचवतो. गावात राहणाऱ्याने पंच घेतली तर १५ इंची लोखंडी रिमचीच घ्यावी. वाकली तर ठोकून सरळ होते. बाभळीच्या काट्याचं पंक्चर तळाला होतं, ते निघतं. तुरीच्या खुंटाचं तसं नाही. तूर कापली की तिरपी धार राहते, ती टायरच्या बाजूला घुसते, आणि बाजूचं पंक्चर काढता येत नाही, टायरच बदलावा लागतो. जानेवारी-फेब्रुवारीत गाडी वळवायला तुरीच्या वावरात घालू नका.

पावसाळ्यात ७०-८० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरू लागलं तर लगेच बॅलन्सिंगचे पैसे भरू नका. चाक काढून रिमच्या आतली बाजू बघा. तिथे वाळलेला गारा विटेच्या तुकड्यासारखा, एकाच बाजूला चिकटलेला सापडतो. लाकडाच्या फळीने खरवडा, धुवा, थरथर जाते. चाकातून पत्रा घासल्यासारखा आवाज आला तर बहुतेक वेळा डिस्क आणि तिच्या मागच्या पातळ पत्र्यात मुरमाचा खडा अडकलेला असतो. चार-पाच फूट मागेपुढे केलं की पडतो, नाही पडला तर चाक काढावं लागतं.

एसी हायवेवर गार आणि सिग्नलला गरम झाला तर गॅस भरायला धावू नका. सोयाबीन काढणीनंतर कंडेन्सरच्या (एसीच्या पुढच्या) जाळीत कुटार (भुसा) आणि कापसाचे तंतू बसतात. साध्या पाइपच्या पाण्याने धुवा, प्रेशर वॉशरने पाती वाकतात. एअर फिल्टर दर पाच हजार किलोमीटरला काढून बघा, हवा मारायची तर आतून बाहेर आणि हळू. ट्रकच्या धुळीमागे असताना एसी रिसर्क्युलेशनवर ठेवा.

उंदीर. कापूस साठवलेल्या खोलीजवळ गाडी उभी राहिली की बॉनेटखाली बॅटरीच्या ट्रेवर सरकी जमा झालेली दिसते. ती दिसली त्याच दिवशी जागा बदला, वायर कुरतडायला फार दिवस लागत नाहीत. दोन-तीन दिवस गाडी निघणार नसेल तर बॉनेट उघडं ठेवून उभी करा, उंदराला अंधार लागतो.

दोन्ही गाड्यांत वरची बारीक पट्टी डीआरएलची (दिवसा लागणाऱ्या दिव्यांची) आणि मुख्य दिवा खाली बंपरमध्ये. त्यामुळे गाऱ्याचा पहिला फवारा दिव्यावरच बसतो आणि उजेड निम्मा होतो. पाण्याची बाटली आणि सुती फडकं दाराच्या कप्प्यात ठेवा.

उन्हाचं थोडक्यात : मागच्या सीटला एसीचे झरोके आहेत का ते व्हेरिएंटनुसार पाहा, जुन्या पंचमध्ये नाहीत. नवतप्यात दुपारी तीनला झरोक्यांशिवाय मागे बसलेल्या लहान मुलाला अर्धा तास तरी गारवा पोचत नाही. गाडीत बसताच एसी लावू नका. आधी सगळ्या काचा खाली करून दोन मिनिटं चालवा, तापलेली हवा बाहेर जाऊ द्या.

टेस्ट ड्राइव्ह शोरूमसमोरच्या गुळगुळीत रस्त्यावर घेऊ नका. गाडी घरापर्यंत मागवा. घरातलं सगळ्यात म्हातारं माणूस आणि सगळ्यात उंच माणूस मागे बसवा, डिकीत दोन भरलेल्या चुंगड्या ठेवा आणि तुमच्या पांदणीच्या तोंडापर्यंत न्या. पहिल्या धुऱ्यावर खाली उतरून गुडघ्यावर बसा आणि पोटाखालून पलीकडचा उजेड किती दिसतो ते पाहा.