साडेतीनशेचं घडीचं भिंग आणि लिंबावरची नागअळी

अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेल चेकिंगला एकोणतीस वर्षं काढली, त्यामुळं भिंग मला नवं नाही. तरी हे दहापट मोठं दाखवणारं ऑनलाइन मागवलं, ते गच्चीवरच्या कागदी लिंबापायी. नवी पालवी फुटली की चार दिवसांत पानं वाकडी आणि त्यावर चांदीच्या तारेसारखी नागमोडी रेघ. हिचं म्हणणं, गोगलगाय फिरली असणार.

भिंग लावलं तर रेघ पानावर नाहीच, पानाच्या आत! वरचा पापुद्रा सायीसारखा सुटलेला, मधोमध विष्ठेची काळसर दोरी, आणि रेघ संपते तिथं चपटी, पिवळट अळी. डोकं डावीकडं, उजवीकडं, मागावर धोटा फिरावा तसं. चहाची साय धरली तरी मी तिथंच.

शेतकी शिकणाऱ्या भाचीला फोटो पाठवला. म्हणाली, "मामा, ही नागअळी. शास्त्रीय नाव फिलोक्निस्टिस सिट्रेला. 1856 मध्ये हिचं पहिलं वर्णन झालं, तेही आपल्या कलकत्त्याच्या नमुन्यावरून." अळी कोवळ्या पानाची कड दुमडून आत कोष करते. पतंग जेमतेम दोन मिलिमीटरचा, रुपेरी, पंखाच्या टोकाला काळा ठिपका. हिची एक बहीण युरोपात वाळुंजाच्या जातीच्या झाडांवर जगते. ती तर पानातून देठात, देठातून फांदीच्या सालीत बोगदा नेते, कधी पुढच्या पानातही शिरते. आमची लिंबावरची त्या मानानं घरबशीच.

आता भिंगाचं. जाहिरातीत माणूस हात लांब करून बघतोय, ते साफ खोटं. भिंग डोळ्याला चिकटवायचं आणि पान इंचभरावर आणायचं, तरच दिसतं. मधला भाग स्वच्छ, कडेला मात्र निळी-तांबडी झाक. "तीन काचा" लिहिलंय, मला एकीचाच संशय येतो. आठवड्यात स्क्रू ढिला झाला, चष्म्याच्या पेचकसानं आवळला.

माझा जुना पिक ग्लास, ताण्या-बाण्याचे धागे मोजायचा, स्वतःच्या पायावर उभा राहतो, फोकस आपोआप बसतो, दोन्ही हात मोकळे. सपाट पानाला तोच बरा. पण नागअळीनं पान गुंडाळलं की तो बसतच नाही, तिथं या घडीच्या भिंगाला तोड नाही. म्हणून पाचात साडेतीन. अर्धा मार्क त्या अळीचा आहे, खरं सांगायचं तर.

घेणार असाल तर सकाळच्या उन्हाला पाठ करून बघा, चष्मा काढून. आणि पार्सल फोडलं की आधी स्क्रू आवळा.