करिअर मोडच्या पहिल्या वीस मॅचेस, सात महिने खेळल्यानंतर

सात महिने झाले हा बास्केटबॉलचा व्हिडिओ गेम खेळतोय आणि जवळपास सगळा वेळ करिअर मोडमध्येच गेलाय, म्हणजे आपला एक खेळाडू बनवायचा, त्याला कॉलेजच्या मॅचेस खेळवायच्या, मग ड्राफ्ट, म्हणजे टीम आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात ते, मग एनबीएच्या (अमेरिकेतली व्यावसायिक लीग) एखाद्या टीमच्या बेंचवर बसायचं आणि तिथून वर यायचं. बहुतेक रिव्ह्यू ८५-९० रेटिंगच्या (खेळाडू एकंदर किती चांगला त्याचा आकडा) खेळाडूबद्दल असतात नाहीतर ऑनलाइन मॅचेसबद्दल, आणि सुरुवातीच्या भागाबद्दल लोक "बोअर आहे, पटकन उरका" एवढंच लिहून मोकळे होतात. माझं मत पूर्ण उलटं झालंय. माझा पहिला खेळाडू ८६ पर्यंत गेला, दुसरा ८० ला सोडला, आणि आता तिसरा सुरू केलाय तो फक्त त्या पहिल्या वीस-पंचवीस मॅचेस परत खेळायला मिळाव्यात म्हणून. या गेममध्ये खरा बास्केटबॉल मला तिथेच सापडला.

आधी खेळाडू बनवण्याबद्दल, कारण तिथली चूक नंतर सुधारता येत नाही. मी पहिला खेळाडू पॉइंट गार्ड, म्हणजे बॉल घेऊन खेळ चालवणारा, केला आणि उंची दिली ६ फूट ९ इंच, हातही जमतील तेवढे लांब केले. वाटलं उंच आहे, लांब हात आहेत, बॉलही हाताळेल, अजून काय पाहिजे. पण उंची वाढवली की वेग आणि बॉल हँडलिंगची वरची मर्यादा खाली येते, हात लांब केले की ब्लॉक (शॉट अडवणं) आणि स्टील (बॉल हिसकावणं) सुधारतं पण शूटिंगची मर्यादा उतरते. हे स्क्रीनवर दिसत असतं, मी बघितलं नाही. आणि गंमत म्हणजे पहिले काही आठवडे काहीच जाणवत नाही कारण रेटिंग ६० असताना तसंही काहीच धड जमत नसतं, फरक कळतो तो चार महिन्यांनी, जेव्हा समोरचा ६ फूट १ इंचाचा गार्ड दर दुसऱ्या ड्रिबलला बॉल काढून घेतो आणि आपलं बॉल हँडलिंग पुढे वाढायलाच तयार नसतं. म्हणून घाई करू नका. आपल्याला रोज काय करायला आवडणार आहे, पास द्यायला, बाहेरून शॉट मारायला, की बास्केटखाली धक्काबुक्की करायला, ते ठरवा आणि त्यावरून उंची ठरवा.

कॉलेजचा भाग छोटा आहे, तरी खेळा. तिथे शॉट क्लॉक, म्हणजे बॉल मिळाल्यापासून शॉट मारायला मिळणारा वेळ, ३० सेकंदांचं असतं, एनबीएत २४. सहा सेकंदांनी काय होतंय असं वाटतं ना, पण कॉलेजमध्ये एक प्ले (ठरवलेली चाल) फसला तर दुसरा लावायला वेळ मिळतो आणि एनबीएत पहिला प्ले फसेपर्यंत क्लॉकवर ७-८ सेकंद उरलेले असतात, मग कोणीतरी वेडावाकडा शॉट मारतो. माझ्या पहिल्या तीन-चार मॅचेसमध्ये तो कोणीतरी मीच होतो.

ड्राफ्टमध्ये माझा नंबर दुसऱ्या राउंडमध्ये लागला. तेव्हा इतकं वाईट वाटलं की सगळं पुसून परत सुरू करणार होतो. तसं करू नका हे मनापासून सांगतो. दोन राउंड, साठच्या आसपास खेळाडू, आणि पहिले १४ लॉटरीतले, म्हणजे सगळ्यात वरचे, एवढ्यावरून कोणाचं करिअर ठरत नाही. पुढे स्टार झालेलेच बघा, निकोला योकिच २०१४ मध्ये ४१ वा निवडला गेला होता, मनू जिनोबिली १९९९ मध्ये ५७ वा, आयझेया थॉमस २०११ मध्ये शेवटचा, ६० वा. गेममध्येही ड्राफ्टच्या नंबरावर सुरुवातीची मिनिटं आणि कोचच्या अपेक्षा तेवढ्या अवलंबून असतात, वीस मॅचनंतर कोणी विचारत नाही. त्यापेक्षा टीममध्ये आपल्या जागेवर आधी कोण आहे ते बघा. माझ्या पुढे दोन चांगले गार्ड होते म्हणून पहिल्या आठवड्यात मॅचला आठ-नऊ मिनिटंच मिळाली.

आणि ती आठ मिनिटं कशी गेली ते सांगतो. कोर्टवर आल्याआल्या बॉल मागायचो, बटण दाबत राहायचो, बॉल आला की टर्बो (जोरात पळायचं बटण) दाबून थेट आत घुसायचो, तिथे सात फुटी सेंटर उभाच असायचा. शॉट चुकला. परत मागितला, थ्री पॉइंटर मारला, थ्रीचं रेटिंग ५५ च्या आसपास, डिफेंडरचा हात समोर, तो पण चुकला. टर्बोने दम संपला की शॉटचा टायमिंगचा हिरवा पट्टा अजून बारीक होतो हे मला माहीतच नव्हतं. टीममेट ग्रेड (टीमसाठी कसं खेळतोय याचे गेम देतो ते मार्क) डी, कोचने बाहेर काढलं, आणि मी गेमला नावं ठेवली. सलग पाच मॅचेस हेच.

मग एका सुट्टीच्या दिवशी वैतागून ठरवलं की आज बॉल मागायचाच नाही, बघू ग्रेडचं काय होतं. तिथून माझ्यासाठी गेम बदलला.

ग्रेड वाढवणाऱ्या गोष्टींकडे मी पहिल्यांदा नीट बघितलं. चांगली स्क्रीन लावली, म्हणजे आपल्या टीममेटच्या डिफेंडरच्या वाटेत उभं राहून त्याला अडवलं, की वाढतो. शॉट चुकला आणि आपण आपल्या माणसाला, म्हणजे ज्याला अडवायचं काम आपलं त्या समोरच्या खेळाडूला, पाठीवर घेऊन रिबाउंडपासून (चुकून परत आलेल्या बॉलपासून) लांब ठेवलं की वाढतो. आपला माणूस सोडला नाही, त्याला अवघड शॉट मारायला लावला की वाढतो. आणि कमी होतो तो टर्नओव्हरने (बॉल समोरच्या टीमला गमावल्याने), घाईच्या शॉटने, सारखा बॉल मागितल्याने, आणि मला ज्याचा सगळ्यात जास्त राग यायचा ते म्हणजे आपला माणूस सोडून बॉलमागे पळाल्याने. म्हणजे शाळेच्या टीमचा कोच घसा कोरडा होईपर्यंत जे सांगतो तेच. त्या दिवशी मी शून्य पॉइंट, दोन असिस्ट, तीन रिबाउंड असा स्कोअर करून बी प्लस घेतला, आणि पुढच्या मॅचला मिनिटं बारावर गेली.

६० रेटिंगचा खेळाडू आपल्याला बॉलशिवाय खेळायला भाग पाडतो, आणि हाच त्याचा फायदा आहे. ८६ चा खेळाडू असला की सगळ्यांना चुकवून डंक मारता येतो, काही शिकायची गरज पडत नाही. ६० वर एकच उपाय उरतो, योग्य जागी उभं राहणं.

कॉर्नरचंच बघा. थ्री पॉइंट लाइन समोरून २३ फूट ९ इंच लांब असते, कॉर्नरमध्ये २२ फूट. पावणेदोन फुटांचा फरक. शिवाय आपला स्टार खेळाडू ड्राइव्ह करतो तेव्हा मदतीला जाणारा डिफेंडर बऱ्याचदा कॉर्नरवालाच असतो, म्हणजे तुम्ही तिथे गप उभे राहिलात, बॉल मागितला नाही, इकडे तिकडे पळाला नाहीत, तर पास येतो तेव्हा समोर कोणी नसतं. माझा ५५ रेटिंगचा थ्री तिथून पडायला लागला, फक्त पाय जमिनीवर घट्ट असताना आणि दम पूर्ण असताना. हे कळल्यावर मी खरे एनबीए सामने बघतानाही बॉलऐवजी कॉर्नरकडे बघायला लागलोय.

पिक अँड रोलही तसाच, म्हणजे सेंटर स्क्रीन लावतो आणि मग बास्केटकडे वळतो ती चाल. बटण दाबून धरलं की सेंटर स्क्रीन लावायला येतो, पण मी आधी तो पोचायच्या आतच निघायचो. थांबा. त्याला उभा राहू द्या, मग त्याच्या खांद्याला घासून निघा आणि आपला डिफेंडर काय करतोय ते बघा. तो स्क्रीनच्या मागून गेला तर शॉट मोकळा आहे, पाठलाग करत वरून आला तर आत जागा आहे, आणि सेंटरचा माणूस आपल्यावर धावून आला तर सेंटर बास्केटकडे एकटा निघालाय, त्याला पास. हे तीन पर्याय डोक्यात बसायला मला महिनाभर लागला आणि अजूनही तिसरा पास कधीकधी उशिरा देतो.

डिफेन्सला एवढंच सांगेन की स्टीलचं बटण विसरा. पहिल्या क्वार्टरला दोन फाउल झाले की कोच बसवतो, आणि आपली मिनिटं तशीच कमी असतात. आपला माणूस आणि बास्केट यांच्या मध्ये राहा, हात वर ठेवा, बस.

एक तांत्रिक गोष्ट जी मला फार आधी कळायला हवी होती. शॉटचं टायमिंग माझं सारखं उशिरा जायचं, प्रॅक्टिसमध्येही, आणि मी समजत होतो की माझाच हात हळू आहे. मग टीव्हीच्या सेटिंगमध्ये गेम मोड चालू केला आणि त्याच रात्री सगळं जुळलं. टीव्ही चित्र सुंदर करण्यासाठी जी प्रक्रिया करतो त्यात थोडा वेळ जातो, बटण दाबणं आणि पडद्यावर दिसणं यात अंतर पडतं, आणि शॉटचा पट्टा इतका बारीक असतो की तेवढं अंतर पुरतं. नंतर एकच जंप शॉट निवडून त्याच्यावर टिकून राहिलो. दर आठवड्याला शॉटची अॅनिमेशन बदलणारे कायम चाचपडत राहतात, मी पण त्यातलाच होतो.

अपग्रेडबद्दल बोलायलाच पाहिजे कारण तिथेच माझी सगळ्यात मोठी तक्रार आहे. मॅचमधून आभासी नाणी मिळतात, त्यातून एकेक कौशल्य वाढवायचं. साठीतून सत्तरीत जाणं स्वस्त पडतं, पुढे प्रत्येक पायरी महाग होत जाते. त्यामुळे सगळीकडे थोडं थोडं शिंपडू नका. मी दुसऱ्या खेळाडूच्या वेळी पहिली सगळी नाणी थ्री पॉइंट, पास आणि समोरच्या माणसावरचा डिफेन्स या तीनच गोष्टींवर घातली आणि सोळाव्या मॅचपर्यंत बावीस मिनिटं मिळायला लागली. डंक वगैरे नंतर. आणि तीच नाणी खऱ्या पैशांनीही विकत मिळतात, गेम जागोजागी ते दाखवतो. मला हे अजिबात पटत नाही. पैसे देऊन पहिल्याच दिवशी ७५ करता येतो आणि नेमकी ती शिकायची पायरीच गायब होते, आणि ज्याला हे माहीत नसतं त्याला वाटतं की आपण वाईट खेळतोय म्हणून विकत घ्यायलाच हवं. लहान मुलं हा गेम खेळतात, त्यांच्यासमोर असं ठेवणं चुकीचं आहे.

अजून दोन त्रास. कथेचे प्रसंग बरेच ठिकाणी वगळून पुढे जाता येत नाही, पहिल्यांदा ठीक आहे पण तिसऱ्या खेळाडूला तेच संवाद ऐकताना जीव जातो. आणि एकट्याने खेळायचा मोड असूनही इंटरनेट लागतं. एकदा चौथ्या क्वार्टरला कनेक्शन गेलं आणि पूर्ण मॅच गेली, त्या दिवशी मी कंट्रोलर ठेवून दिला तो तीन दिवस उचलला नाही. क्वार्टर खूप लांब ठेवू नका, मी सहा मिनिटांचा ठेवतो, खरा बारा मिनिटांचा असतो पण ८२ मॅचेसचा सीझन तसा खेळणं कोणालाच झेपणार नाही.

पण माझी सगळ्यात आवडती मॅच कुठली विचाराल तर ती पहिल्या खेळाडूची १९ वी, रेटिंग तेव्हा ६६. आमच्या मुख्य गार्डला सहा फाउल झाले आणि तो बाहेर गेला, दुसरा गार्ड जखमी होता, म्हणजे शेवटची साडेतीन मिनिटं मीच. चार पॉइंटने मागे. आधीचा मी असतो तर चार शॉट मारले असते. त्या दिवशी एकही मारला नाही. दोनदा पिक अँड रोल, दोनदा सेंटरला पास, एकदा डंक आणि एकदा फाउल होऊन दोन फ्री थ्रो, बरोबरी. मग त्यांच्या गार्डला मी डाव्या बाजूलाच ढकलत नेलं, त्याचा शॉट चुकला, मी माझ्या माणसाला पाठीवर धरून ठेवलं आणि रिबाउंड आमच्या फॉरवर्डला मिळाला. शेवटी मी आत गेलो, कॉर्नरचा डिफेंडर माझ्यावर आला आणि मी न बघता कॉर्नरला पास दिला, कारण तिथे कोणीतरी उभा असणार हे मला माहीत होतं, इतक्या मॅचेस तिथे मीच उभा राहिलो होतो. थ्री पडला. माझे मॅचचे एकूण पॉइंट चार होते, आणि मी घरात एकटाच ओरडलो.

८६ झाल्यावर एका मॅचला ५१ पॉइंट केले होते, त्यातलं मला आज काहीही आठवत नाही.

आता तिसरा खेळाडू सेंटर केलाय, ६ फूट ११ इंच, म्हणजे इतके दिवस ज्याला पास द्यायचो त्याच्या जागेवरून खेळ बघतोय. ११ मॅचेस झाल्यात, १४ मिनिटं मिळतात. स्क्रीन लावून लगेच बास्केटकडे वळायचं की क्षणभर थांबायचं हे अजून जमत नाहीये, गार्ड पास देतो तेव्हा मी बऱ्याचदा पाठमोरा असतो. आज रात्री परत बसणार आहे त्याच्यावर.