थाई चिकन: खिमा की ग्रीन करी?

ठाण्याला उतरायलाच आठ वाजले, तर माझं मत पॅड क्रापावला, म्हणजे थाई पद्धतीच्या परतलेल्या खिम्याला. कढई कडक तापवायची, तेलात ठेचलेला लसूण-मिरची, वास सुटला की चिकनचा खिमा. मग फिश सॉस, थोडा सोया सॉस, चिमूटभर साखर आणि गॅस बंद करताना मूठभर पानं. भात लावलेला असेल तर पंधरा मिनिटांत ताट तयार. वर कुरकुरीत कडांचं अंडं हवंच. थायलंडमध्ये यात तुळशीच्याच जातीची पानं घालतात. आमच्याकडे दारातली तुळस चिकनमध्ये घालायची कुणाची टाप नाही, म्हणून मी कुंडीतल्या सब्ज्याची पानं घालते. चव जरा बडीशेपेकडे झुकते, पण चालते.

ग्रीन करी रविवारची. तयार पेस्ट असली तरी नारळाच्या घट्ट दुधात तेल सुटेपर्यंत परतावी लागते. इथे घाई केली की कच्ची लागते. पेस्ट घरी वाटायची तर गवती चहाचा बुडाचा पांढरा भाग हवा, आणि भाजीवाल्याकडे बहुतेकदा नुसती पात. पोरांना मात्र हीच आवडते, दूध वाढवून तिखट कमी करता येतं ना! कोळंबीची ॲलर्जी असेल तर पाकीट वाचूनच घ्या, बऱ्याच पेस्टमध्ये कोळंबी असते.