पेटी स्वस्त होती

चवथीच्या आधी मडगावातून जुना गेमिंग पीसी घेतला, ३८ हजारांना. कदंब बसमधून मांडीवर ठेवून डिचोलीपर्यंत आणला. विकणारा कॉलेजचा पोरगा, बोलायला गोड. एक ऑफलाइन गेम झकास चालवून दाखवला. व्हॅलोरंट, म्हणजे मी खेळतो तो नेटवरचा गोळीबाराचा गेम, लावू या म्हटलं तर, "पावसात नेट गेलंय, दादा." माझ्या खिशात मोबाइल होता. हॉटस्पॉट सुचला नाही.

घरी व्हॅलोरंटला लॉगिन केलं आणि पडद्यावर व्हॅन १५२, म्हणजे बंदीचा एरर कोड. माझं खातं २०२० साली गेम आला तेव्हापासूनचं, चीटला, म्हणजे फसवून जिंकवणाऱ्या सॉफ्टवेअरला, कधी हात लावला नाही. मग कळलं, बंदी माझ्यावर नव्हतीच, पेटीवर, म्हणजे या पीसीवर होती. या गेमचा पहारेकरी व्हॅनगार्ड विंडोजबरोबरच जागा होतो आणि थेट कर्नलमध्ये, म्हणजे विंडोजच्या गाभ्यात बसतो. नुसतं खातं बंद केलं तर चीटर पाच मिनिटांत दुसरं उघडतो, म्हणून मशीनचीच ओळख धरून ठेवतात. आधीच्या मालकाने एमबॉट, म्हणजे आपोआप नेम धरणारा चीट, वापरला असणार आणि पेटी माझ्या गळ्यात बांधली. या कडकपणाला मी नावं ठेवत नाही. २०१८ साली शांघायला काउंटर-स्ट्राइक या अशाच गेमच्या स्पर्धेत आपलाच एक भारतीय खेळाडू ‘वर्ड’ नावाच्या फाइलीत चीट लपवून खेळताना सापडला, अख्खा संघ बाहेर गेला. ती लाज अजून आठवते.

इथवर फसवणूक दुसऱ्याने केली. पुढची मीच ओढवून घेतली.

टेलिग्रामवर ‘बंदी उठवून देतो’ म्हणणारा भेटला. मशीनची ओळख बदलून दाखवणारा स्पूफर, १,५०० रुपये. यूपीआयने दिले. "आधी अँटीव्हायरस बंद कर, मग फाइल ॲडमिन म्हणून चालव." केलं! देवचाराला स्वतः दार उघडून दिलं. गेम उघडला नाहीच. रात्रीत जीमेल आणि इन्स्टा गेलं. इन्स्टावरून मावसबहिणीकडे पैसे मागितले गेले. ती हुशार, तिने सरळ फोन लावला: "दादा, तू मला ‘डियर’ कधीपासून म्हणायला लागलास?"

१९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर तक्रार केली, बँकेला कळवलं, विंडोज पुसून नव्याने टाकलं. पैसे आले नाहीत.

जुना पीसी घेणार असाल तर गेम आधीच टाकून ठेवायला सांगा. आपल्या हॉटस्पॉटवर, तिथेच उघडलेल्या नव्या खात्याने एक अख्खी मॅच खेळा. खरं खातं परक्या मशीनवर नको. नेट नाही म्हणाला तर उठा.

विकणाऱ्याचा नंबर बंद आहे. पीसीवर सध्या बाबा भजनी मंडळाचा हिशेब ठेवतात.