यू-9 की यू-20? एकच पाणबुडी निवडायची असेल तर

पहिल्या महायुद्धातल्या पाणबुड्यांवर तासाभराचं व्याख्यान द्यायचं असेल, तर सगळ्या जर्मन आरमाराचा इतिहास सांगण्यापेक्षा एकच बोट धरावी, असं मला वाटतं. मग बहुतेकांपुढे दोन नावं येतात: यू-9 आणि यू-20. दोन्ही डान्झिगच्या गोदीत बांधलेल्या, आरमारात दाखल होण्यात जेमतेम सव्वातीन वर्षांचं अंतर. मी दोन्ही सांगून पाहिल्या आहेत.

यू-20 ची बाजू भक्कम आहे. जर्मन पाणबुड्यांत डिझेल इंजिन आलं ते यू-19 च्या वर्गापासून, आणि यू-20 याच वर्गातली. डिझेलमुळे लांबचा पल्ला आला, म्हणून ही बोट आयर्लंडच्या दक्षिण किनाऱ्यापर्यंत पोचली. 7 मे 1915 ला कप्तान श्वीगरच्या एका टॉर्पेडोने 'लुसिटानिया' हे ब्रिटिश प्रवासी जहाज 18 मिनिटांत बुडालं. शेवटही सांगण्यासारखा आहे. नोव्हेंबर 1916 मध्ये ही बोट डेन्मार्कच्या पश्चिम किनाऱ्यावर वाळूत रुतली आणि खलाशांनीच तिला सुरुंग लावला. तिचा मनोरा आजही थॉर्स्मिंडे गावच्या संग्रहालयात आहे. प्रत्यक्ष लोखंडासमोर उभं राहायची ज्यांना ओढ आहे, त्यांनी यू-20 घ्यावी. यू-9 युद्धानंतर इंग्लंडमध्ये मोकॅमला भंगारात गेली.

तरीही मी यू-20 सोडली, ती एका अडचणीमुळे. 'लुसिटानिया' हा शब्द उच्चारला की व्याख्यान हातातून निसटतं. टॉर्पेडोनंतर जहाजात झालेला दुसरा स्फोट कशाचा होता, दारूगोळ्याचा की बॉयलरचा? ब्रिटिशांना आधी कल्पना होती का? जर्मन वकिलातीने वर्तमानपत्रांत इशारा छापला होता, मग लोक चढले कशाला? हे प्रश्न खरे आहेत. बाराशेच्या आसपास माणसं गेली, ते झटकून पुढे जाणं मला जमत नाही आणि जमूही नये. पण त्या गदारोळात पाणबुडीच दिसेनाशी होते. एका वाचनालयात माझा बहुतेक तास या वादात गेला. पहिल्या रांगेतल्या एका काकांनी सुरुवातीलाच विचारलं होतं, "आत माणसं झोपायची कुठे हो?" वेळ संपली आणि त्यांचं उत्तर राहूनच गेलं. ती रुखरुख मला बरेच दिवस होती.

यू-9 जुन्या वळणाची. तिला डिझेल नाही, रॉकेलवर चालणारी कोर्टिंग इंजिनं आहेत. त्यांचा पांढरा धूर लांबून दिसायचा आणि रात्री ठिणग्या उडायच्या. लपण्यासाठी बांधलेल्या बोटीला धुरांडं! बुडी मारण्याआधी ते पाडून ठेवावं लागे. हे एकदा सांगितलं की ऐकणारा बोटीच्या आत येतो, असा माझा तरी अनुभव आहे.

जुलै 1914 च्या सरावात यू-9 चा कप्तान ऑटो वेडिगेनने पाण्याखाली असतानाच नळ्यांत नवे टॉर्पेडो भरून दाखवले. नळ्या चार, टॉर्पेडो सहा. दोन महिन्यांनी याच सरावाला मोल आलं. 22 सप्टेंबरच्या पहाटे हॉलंडच्या किनाऱ्याजवळ पहाऱ्यावरच्या योहानेस श्पीसला क्षितिजावर डोलकाठ्या दिसल्या. 'अबूकिर', 'होग' आणि 'क्रेसी' या तीन ब्रिटिश क्रूझर सरळ रेषेत, सावकाश येत होत्या. खराब हवेमुळे त्यांच्या संरक्षक विनाशिका सोबत नव्हत्या. 'अबूकिर'ला टॉर्पेडो लागला, तेव्हा बाकी दोघी बुडणाऱ्यांना वाचवायला थांबल्या आणि त्याच मारल्या गेल्या. दीड तासाच्या आत 1459 माणसं गेली. हा भाग मी आवाज खाली आणून सांगतो. वेडिगेनला जर्मनीने डोक्यावर घेतलं, तो सूर आपल्या बोलण्यात येऊ नये.

यू-9 चं आणखी एक बळ आपल्याकडच्या श्रोत्यांसाठी आहे. त्याच 22 सप्टेंबरच्या रात्री 'एम्डेन' या जर्मन युद्धनौकेने मद्रासच्या तेलाच्या टाक्यांवर तोफा डागल्या. पुढे कैसरने, म्हणजे जर्मन सम्राटाने, आयर्न क्रॉस हे शौर्यपदक दिलेली जहाजं दोनच: यू-9 आणि 'एम्डेन'. (मुंबईशी थेट धागा हवा असेल, तर यू-38 चाही विचार करा, मुंबईला यायला निघालेलं 'पर्शिया' हे प्रवासी जहाज 30 डिसेंबर 1915 ला तिने क्रीटजवळ बुडवलं. पण तो वेगळा विषय होईल.)

ज्यांना युद्धाचं राजकारण आणि कायदा सांगायचा आहे, त्यांना यू-20 शिवाय पर्याय नाही, हे मी मान्य करतो. माझा ओढा बोटीकडे आणि आतल्या माणसांकडे आहे, म्हणून पुढच्या वेळी मी यू-9 घेतली आणि सुरुवात श्पीसच्या आठवणींतल्या झोपायच्या जागेपासून केली. बंक इतका अरुंद की कुशीवर, कपाट आणि भिंत यांच्यात स्वतःला पाचरीसारखं अडकवून पडायचं. डोक्याची बाजू बदलायची सोय नाही, कारण पायाशी फ्यूजची पेटी यायची आणि लाथ लागली तर शॉर्टसर्किट. वर थंड पोलादावर श्वासाचं पाणी साचायचं आणि थेंब थेंब तोंडावर पडायचं.

त्या दिवशी प्रश्न आले ते हवा किती वेळ पुरायची, स्वयंपाक कशावर व्हायचा आणि धुरांडं पाडायला किती माणसं लागायची, याचे.