नोटीस न मिळताच सातबाऱ्यावरून नाव गेलं: एसडीओ, दिवाणी कोर्ट की हायकोर्ट?

मावसबहीण नागपुरात मानेवाड्याला राहते, वडिलांचं वावर काटोलकडे. वडील गेल्यावर सातबाऱ्यावर चौघांची नावं चढायला हवी होती, चढली तिघांचीच. तिला हे कळायला दोन वर्षं लागली. फेरफाराची (सातबाऱ्यावर नाव बदलल्याच्या नोंदीची) नक्कल काढली तर नोटिशीच्या पोचेवर, तिच्या नावासमोर, सही भावाची! हक्कसोडपत्र नाही, जबाब नाही. आता घरात रोज तोच विषय: अपील, दावा की रिट (हायकोर्टात थेट अर्ज)?

तिन्ही वाटा खुल्या आहेत. पण "मला ऐकूनच घेतलं नाही" या तक्रारीचं वजन तिन्हीकडे सारखं नाही.

ही तक्रार सगळ्यात जास्त चालते अपिलात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 150 नुसार फेरफाराची सूचना हितसंबंधितांना द्यावी लागते, हरकत आली तर ती नोंदवून निकाल द्यावा लागतो. हे झालं नसेल तर कलम 247 खाली एसडीओंकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, अपील. मुदत आदेश मिळाल्यापासून 60 दिवस. उशीर झाला असेल तर माफीचा अर्ज कलम 251 खाली. तिथे सगळी भिस्त कळल्याच्या तारखेवर, म्हणून नक्कल मागितल्याची पावती फेकू नका. वकील नुसती नक्कल बघतात. मी म्हणेन, अख्खी फाईल मागा. रोजनाम्यात (प्रकरणाच्या रोजच्या नोंदींत) तारखा कशा पडल्या आणि नोटीस कोणी घेतली, हे तिथेच दिसतं.

मात्र एक गोष्ट वकीलही उशिरा सांगतात. सुनावणी झाली नाही एवढ्याच मुद्द्यावर अपील जिंकलं, तर बहुतेक वेळा प्रकरण फेरचौकशीला खाली परत जातं. म्हणजे मिळते ती सुनावणी, वावर नाही. शिवाय अपील दाखल झालं म्हणून आपोआप स्थगिती लागत नाही, तिचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. तो राहिला तर तुम्ही तारखा मोजता आणि तिकडे जमीन विकायचा इसार होऊन जातो.

दिवाणी कोर्टात नोटिशीचं फारसं कोणी विचारत नाही. तिथला प्रश्न सरळ: हिस्सा आहे की नाही? फेरफाराने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही, हे सुप्रीम कोर्टाने 1996 पासून पुन्हा पुन्हा सांगितलंय. वाटणीचा दावा, सोबत मनाई हुकमाचा अर्ज. वर्षं जातात, साक्षीपुरावे होतात, पण शेवटी हुकूमनामा लागला की महसूल खात्याला नोंद त्याप्रमाणेच करावी लागते. मृत्युपत्र खरं की खोटं असा वाद असेल, तर एसडीओंकडे चपला झिजवण्यात अर्थ नाही. सरळ इथेच या.

हायकोर्टाचं नागपूर खंडपीठ सिव्हिल लाइन्समध्येच, त्यामुळे मोह होतो. नैसर्गिक न्याय पाळला गेला नसेल तर अपिलाची सोय असूनही रिट ऐकता येते, हे सुप्रीम कोर्टाच्या 1998 च्या व्हर्लपूल निकालात आहे. तरी सही कोणाची, नोटीस कोणी घेतली असल्या खोलात हायकोर्ट सहसा शिरत नाही. आधी अपील करून या, म्हणतं. वरच्या अधिकाऱ्यानेच एकतर्फी आदेश केला आणि पुढची पायरी उरली नाही, तर ही वाट.

धुऱ्यावरची (बांधावरची) वाट अडवल्याचं प्रकरण निराळं. तिथे मामलतदार न्यायालय अधिनियम, 1906, आणि अडवल्यापासून सहा महिन्यांत तहसीलदाराकडे. आणि नोंद अजून मंजूरच झाली नसेल, तर वरचं सगळं विसरा. मंडळ अधिकाऱ्याकडे आजच लेखी हरकत द्या, पोच घ्या. यापेक्षा स्वस्त काही नाही.

बहिणीला मी अपील आणि वाटणीचा दावा दोन्ही करायला सांगितलं. एकाने नोंदीला आव्हान मिळतं, दुसऱ्याने हिस्सा ठरतो. अपिलावर कारकुनाने जुन्या फाईलवरून गावचाच पत्ता टाकला होता. तिने तो खोडला, मानेवाड्याचा लिहिला आणि बाजूला सही केली.